शेजारच्या आजींची बरणी आणि आत्यांचा काढा

प्रश्न : ताई, नमस्कार. आम्ही दोन वर्षांपासून जर्मनीत, फ्रायबुर्गला आहोत. शेजारच्या आजींनी मला लाल कोबीची भाजी शिकवली आणि निघताना एक बरणी हातात ठेवली. आत मिऱ्यापेक्षा मोठे, काळे-निळे दाणे. ते 'वाखोल्डर' म्हणे, म्हणजे जुनिपर. मी फोटो घरच्या ग्रुपवर टाकला, तर साताऱ्याच्या आत्यांचा लगेच मेसेज : "अगं, हे तर हाऊबेर! मुतखड्यावर रामबाण. दादाला रोज सकाळी काढा करून दे, आणि येताना अर्धा किलो घेऊन ये." दादा म्हणजे माझे सासरे, आमचे बाबा. ते सध्या तीन महिन्यांसाठी आमच्याकडे आलेत. वय ७१, मधुमेहाच्या आणि रक्तदाबाच्या गोळ्या चालू, मागच्या वर्षी मुतखडा झाला होता, आणि निघण्याआधीच्या रिपोर्टात क्रिएटिनिन थोडं वाढलेलं आलं. बाबा काढा प्यायला एका पायावर तयार आहेत. देऊ का? शिवाय मला चौथा महिना चालू आहे आणि ती भाजी मी दोनदा खाल्ली आहे. गूगलवर काय काय वाचलं, तेव्हापासून झोप नाही. आणि एवढी मोठी बरणी, तिचं करू तरी काय?
– एक वाचक, फ्रायबुर्ग

उत्तर : अगं, आधी तुझंच सांगते, म्हणजे निदान आज तरी झोपशील.

चार माणसांच्या कोबीत हे दाणे पडतात पाच-सहा. सगळे मिळून जेमतेम ग्रॅमभर. शिवाय जेवताना ते ताटाच्या कडेला काढून ठेवतात, आपण मसालेभातातली लवंग-दालचिनी काढतो तसे. तुझ्या पोटात गेला तो त्यांचा वास. दोन वेळच्या भाजीने काही बिघडलं असेल असं मला वाटत नाही. पुढच्या तपासणीला जाशील तेव्हा डॉक्टरांच्या कानावर घाल, आणि बाळ होऊन अंगावरचं दूध सुटेपर्यंत ही बरणी वरच्या फळीवर ठेव. जुनिपरचा चहा, काढा, अर्क, कॅप्सूल यांतलं काहीही तुला चालणार नाही. तेलाची बाटली तर घरातच आणू नकोस. गूगलने घाबरवलं ते सगळंच खोटं नाही. गरोदरपणात हे फळ औषध म्हणून घेऊ नये असं पुस्तकं सांगतात, आणि उंदरांवरच्या प्रयोगांत त्याच्या अर्काने गर्भ टिकला नाही, हेही खरं. फक्त त्या प्रयोगातला अर्क आणि तुझ्या ताटातली कोबी एका मापाने मोजू नकोस. आणि हो, तुमच्याकडचा तो प्रसिद्ध ब्लॅक फॉरेस्टचा हॅम खात असशील तर सध्या बंद. त्यालाही जुनिपर चोळलेला असतो, पण मी थांबवतेय ते त्यासाठी नव्हे. तो कच्च्या मांसाचा असतो, नुसता खारवून धुरावलेला.

आता बाबांचा काढा. देऊ नकोस. 'थोडासाच', 'एक दिवसाआड', 'उकळायचा नाही, नुसता रात्री भिजवायचा' असे मधले मार्ग आत्या सुचवतीलच. त्यांतलाही कुठला धरू नकोस.

कारण सांगते. मी पंचवीस वर्षं फार्मसीच्या मुलांना वनौषधी शिकवल्या, त्यामुळे 'झाडपाल्याचं औषध म्हणजे निरुपद्रवी' हे वाक्य ऐकलं की माझा हात अजून खडूकडे जातो. जुनिपरच्या फळात साधारण एक-दोन टक्के सुगंधी तेल असतं. त्यात सगळ्यांत जास्त पायनीन, म्हणजे टर्पेंटाइनमध्ये असतं तेच. त्याशिवाय टर्पिनेन-४-ऑल नावाचा एक घटक असतो, आणि लघवी जास्त होते ती मुख्यतः त्याच्यामुळे असं मानतात. म्हणजे औषधाचं काम काय, तर मूत्रपिंडांना जास्त पळवणं. बाबांची मूत्रपिंडं आधीच धापा टाकताहेत, असं ते वाढलेलं क्रिएटिनिन सांगतंय. दमलेल्या बैलाला पराणी टोचून नांगरट लवकर होत नाही गं.

तुम्ही राहता त्या युरोपातच या फळाला औषध म्हणून मान्यता आहे, हे तुला कोणीतरी सांगेल. आहे. युरोपीय औषध संस्थेच्या वनौषधी समितीने तसा कागद काढला आहे, लघवीच्या किरकोळ तक्रारींसाठी आणि अपचनासाठी. पण 'पारंपरिक वापर' या सदराखाली. म्हणजे पिढ्यान् पिढ्या लोक घेत आले म्हणून, माणसांवर चाचण्या करून गुण सिद्ध झाला म्हणून नव्हे. आणि त्याच कागदावर पुढे लिहिलंय की मूत्रपिंडाचा गंभीर आजार असेल, किंवा डॉक्टरांनी पाणी मोजून प्यायला सांगितलं असेल, तर हे घेऊ नये. बाबांचा आजार किती पुढे गेलाय ते तुलाही माहीत नाही, मलाही नाही. ते त्यांच्या डॉक्टरांनी ठरवायचं, व्हॉट्सॲपने नाही.

मुतखड्याचं तर आणखी निराळं. लघवी वाढवणारं औषध खडा विरघळवत नाही. खडे बहुतेक वेळा कॅल्शियम ऑक्झलेटचे असतात आणि जुनिपरने ते वितळतात याला काही आधार नाही. पाच मिलिमीटरपेक्षा लहान खडा बहुतेकदा भरपूर पाण्याने आपला आपण पडतो, आणि मग श्रेय काढ्याला मिळतं. घराघरांतले अर्धे रामबाण असेच जन्माला आले आहेत. पण खडा नळीत अडकलेला असेल आणि वरून लघवीचा जोर वाढवलास, तर कळा वाढतील. पुढे कधी पाठीत कळ येऊन थंडीताप भरला, तर घरगुती काही न करता थेट हॉस्पिटल गाठायचं, एवढं मात्र आजच सगळ्यांना सांगून ठेव.

शिवाय साखरेच्या गोळ्या. जुनिपरच्या काढ्याने मधुमेही उंदरांची साखर उतरल्याचं दिसलंय. माणसांत काय होतं याचा भरवसा नाही, आणि भरवसा नसलेली गोष्ट चालू गोळीवर चढवायची नसते. रक्तदाबाच्या कित्येक गोळ्यांत लघवीचं औषध आधीच मिसळलेलं असतं. बाबांच्या पाकिटावर 'हायड्रोक्लोरोथायाझाइड' किंवा तसलं काही छापलंय का ते बघ. असेल तर काढा म्हणजे दुहेरी डोस.

आता आत्यांना काय सांगायचं? सुनेने 'डॉक्टर नको म्हणाले' म्हटलं, की 'डॉक्टरांना काय कळतंय आयुर्वेदातलं' हे उत्तर ठरलेलं. म्हणून आयुर्वेदातलंच घेऊन जा. हाऊबेर म्हणजे संस्कृतातली हपुषा. भावप्रकाश या आयुर्वेदाच्या जुन्या ग्रंथात तिचे गुण दिलेत, ते बहुतेक सगळे पोटाचे : भूक वाढवणारी, पोटशूळ, गुल्म (पोटातला गोळा), ग्रहणी (जुनाट जुलाब), मूळव्याध, उदर (पोटात पाणी होणं) यांवर उपयोगी. तिचं एक नाव 'प्लीहहंत्री' आहे, म्हणजे वाढलेल्या प्लीहेवरची. हपुषा घालून केलेलं तूप चरकाने गुल्मासाठी सांगितलंय. भावप्रकाशाच्या त्या गुणवर्णनात मुतखड्याचं नाव नाही. लघवीचा गुण युरोपातल्या घरगुती औषधांत जास्त घोळवला गेला आणि आपल्याकडच्या फॉरवर्डांत तो 'प्राचीन आयुर्वेद' होऊन परत आला. आत्यांना हे सांगताना ग्रुपवर सांगू नकोस. फोन कर, आणि "आत्या, तुमचं बरोबर आहे, हे हाऊबेरच" इथून सुरुवात कर. नाव त्यांनी बरोबर ओळखलं, तेवढं श्रेय त्यांचं आहेच.

खरं तर तेही तितकं सरळ नाही. भावप्रकाश हपुषेचे दोन प्रकार सांगतो : एकीला माशासारखा वास, दुसरी पिंपळाच्या फळासारखी. तुझ्या बरणीचं झाकण उघडून हुंग. मासळी बाजार आठवतो का? मला तर पावसात भिजलेलं देवदाराचं लाकूड आठवतं. जुन्या ग्रंथकारांसमोर नेमकं कोणतं फळ होतं, यावर वैद्यांमध्ये बरीच चर्चा आहे. आणि आजच्या बाजारात 'हाऊबेर' म्हणून जे मिळतं त्यातही एकापेक्षा जास्त जातींचे जुनिपर मिसळलेले असतात. कॉलेजात असताना मी मुलांना पुण्याच्या रविवार पेठेतून काष्ठौषधींच्या दुकानांतलं हाऊबेर आणायला लावायची आणि ब्लेडने दाणे कापायला सांगायची. तुझ्या बरणीतल्या जातीत, जुनिपेरस कम्युनिसमध्ये, साधारण तीन बिया असतात. आमच्या ताटलीत तीनवाले निघायचे, चारवाले निघायचे, पाचवालेही. एकाच पुडीतून! काही दाणे इतके जुने की वास म्हणून काही उरलेलाच नसायचा. म्हणून मी काढ्याला घाबरते ती आणखी एका कारणासाठी : पुडीवरचं नाव एक, आतला माल भलताच.

यातली एक जात तर सरळ विषारी आहे, जुनिपेरस सबायना. जर्मनीत तिला 'जाडेबाउम' म्हणतात. युरोपात पूर्वी बायका ती गर्भ पाडायला घ्यायच्या आणि कित्येकींचा त्यात जीव गेला. ती आणि तिच्या संकरित बहिणी आजही बागांमध्ये शोभेसाठी लावतात, निळे दाणे त्यांनाही धरतात. तेव्हा कुणाच्या कुंपणावरून, दफनभूमीतून दाणे तोडून आणायचे नाहीत. आपल्या बंगल्यांच्या फाटकाशी उभी असते ती मोरपंखी याच कुळातली, आणि तिची फळं आपण तोंडात टाकत नाही, तोच नियम तिथेही. दुकानातली, मसाल्याच्या फळीवरची पाकिटं घ्यायची. रानातली तोडायचा मोहही नको. तुमच्याकडून स्वाबियन आल्बच्या डोंगरांकडे गेलीस तर जुनिपरची माळरानं दिसतील. मेंढ्यांनी बाकी सगळं खाल्लं आणि टोचरं जुनिपर तेवढं सोडलं, म्हणून ती तशी झाली आहेत. धनगर गेले की तिथे जंगल माजतं, म्हणून मुद्दाम मेंढ्या चारून ती माळं राखतात. बघायला जरूर जा, चौथा महिना म्हणजे फिरायला चांगला.

अजून एक गंमत तिथे दिसेल. एकाच झुडपावर हिरवे दाणेही असतात आणि निळेही. हे फळ पिकायला दोन-दोन, कधी तीन वर्षं घेतं, त्यामुळे या वर्षीचं आणि मागच्याचं शेजारी शेजारी लटकलेलं असतं. आणि 'बेरी' म्हणत असले तरी हे फळ म्हणजे खरा शंकूच, पाइनच्या झाडाला येतो तसा, फक्त त्याचे खवले मांसल होऊन एकमेकांना चिकटलेले. परीक्षेत हा प्रश्न मी दरवर्षी घालायची आणि निम्मा वर्ग दरवर्षी चुकायचा.

बरं, बरणी. इथे मला बोलायला आवडतं, कारण जुनिपर हा फार देखणा मसाला आहे आणि त्याला काढ्यात उकळणं म्हणजे केशराचं उटणं करण्यासारखं आहे.

पहिला नियम : कमी. अर्धा किलो भाजीला पाच-सहा दाणे, बस. मी पहिल्यांदा वापरला तेव्हा उत्साहात वीसेक दाणे खलबत्त्यात कुटून कोबीत घातले. घरातले एक घास खाऊन माझ्याकडे नुसते बघत राहिले. रंगकाम चाललेल्या घरात जेवायला बसल्यासारखं वाटत होतं. टर्पेंटाइन, दुसरं काय! पूड करायचीच नाही. सुरीच्या पात्याने किंवा वाटीच्या बुडाने दाणा दाबून नुसता फोडायचा, की आतला वास मोकळा होतो आणि जेवताना दाणा काढूनही टाकता येतो.

दुसरं, हा वास तेलात उतरतो, पण कडक फोडणीत जळतो आणि कडू होतो. म्हणून मोहरी तडतडवून त्यात टाकायचा नाही. मंद आचेवर तुपात किंवा लोण्यात कांदा परतताना, कांदा पारदर्शक झाला की फोडलेले दाणे, एक तमालपत्र, दोन लवंगा. मग चिरलेला लाल कोबी, आंबट सफरचंदाच्या फोडी, चमचाभर व्हिनेगर, थोडं पाणी, आणि झाकण ठेवून चाळीस मिनिटं विसरून जायचं. आजींनी शिकवली ती हीच असणार. आजी त्यात साखर घालत असतील. बाबांसाठी करताना ती गाळ, सफरचंदाची गोडी पुरते. कोबीत पडलेल्या पाच दाण्यांचं बाबांना भय नाही, तरी डॉक्टरांना विचारशील तेव्हा हेही विचारून घे. आंबवलेला कोबी, म्हणजे तिकडचा झाउअरक्राउट, मात्र बाबांच्या ताटात नको. त्यातही जुनिपर असतो, पण अडचण मिठाची आहे. किलोभर कोबीला वीस ग्रॅम मीठ चोळून तो आंबवतात, आणि रक्तदाबाच्या माणसाला ते झेपत नाही.

एक सावधगिरी, जुनिपरशी संबंध नसलेली. आजींच्या पाककृतीत 'क्युमेल' लिहिलेलं असेल, ते आपलं जिरं नव्हे. ते शहाजिऱ्याच्या जवळचं. आपलं जिरं म्हणजे 'क्रॉयत्सक्युमेल'. या एका शब्दाने कित्येक मराठी घरांतली आमटी बिघडली आहे.

तिकडे जुनिपरची खरी जागा शिकारीच्या मांसात. हरणाचं, रानडुकराचं उग्र मांस रेड वाइनमध्ये मुरवताना आठ-दहा दाणे घालतात, म्हणजे रानाचा उग्रपणा रानाच्याच वासाने मारायचा. राइन ओलांडून फ्रान्सच्या आल्सासमध्ये गेलीस तर आंबट कोबीवर सॉसेज आणि बटाटे रचलेलं 'शुक्रूत' मिळतं, त्यातही हे दाणे असतात. फिनलंडमध्ये 'साहती' नावाची घरगुती बिअर जुनिपरच्या फांद्यांच्या थरातून गाळतात. आपल्या स्वयंपाकात मी काय काय करून पाहिलं? कोल्हापुरी मटणात तो पार हरवला, दाणे फुकट गेले. कांदा-लसूण मसाल्यासमोर त्याने मान टाकली. वरणात बरा लागला नाही. बिटाच्या कोशिंबिरीत तुपावर दोन दाणे परतून घातले, ते छान. उकडलेल्या बटाट्यांना लोणी, मिरी आणि जुनिपर, तेही छान. पण जिंकला तो लिंबाच्या गोड लोणच्यात. पाव किलो लिंबांना पाच दाणे फोडून घातले, दोन महिन्यांनी बरणी उघडली आणि शेजारणी वास घ्यायला आल्या. लिंबाची साल आणि जुनिपर यांचं जन्माचं जमतं, जिन नावाची दारू करणाऱ्यांना हे आधीपासून ठाऊक आहे.

जिनचं नाव काढलंच आहे तर : जिन हा शब्दच जुनिपरच्या डच नावावरून, 'येनेव्हर'वरून आला. युरोपच्या कायद्याने जिनमध्ये जुनिपरचा स्वाद वरचढ असावाच लागतो. आणि गोव्यात तयार होणारी एक जिन हिमालयातला जुनिपर वापरते, तिचं नावच 'हपुसा'. चरकापासून निघालेला शब्द शेवटी बाटलीवर जाऊन बसला. बाळ मोठं झालं की तुझ्या नवऱ्याला आणायला सांग. तोवर बाबांना 'हे पण हाऊबेरच आहे' असं कोणी सुचवू नये म्हणजे झालं.

दाणे चांगले आहेत का ते असं बघ : बोटांत दाबला की किंचित मऊ, चिकट लागला पाहिजे, वर द्राक्षावर असते तशी पांढुरकी झिलई हवी, आणि फोडल्यावर वास नाकात शिरला पाहिजे. कडक, तपकिरी, खुळखुळणारा दाणा म्हणजे संपलेला. घट्ट झाकणाच्या काचेच्या बरणीत, गॅसपासून दूर, अंधारात ठेवलास तर वर्षभर टिकेल. म्हणजे तू पुन्हा खायला लागशील तेव्हाही त्यात थोडा दम असेल.

आत्यांचं अर्धा किलो आणू नकोस. पन्नास ग्रॅमचं पाकीट ने, लोणच्याचं प्रमाण कागदावर लिहून सोबत दे, आणि लोणचं त्यांच्याकडूनच घालून घे. साताऱ्यात त्यांच्या हातचं लोणचं चांगलं होत असणार, रामबाणाची सवय असलेल्या बायकांचं होतं. बाबांना सकाळी काहीतरी गरम, कडू, औषधासारखं प्यायची हौस असेल तर कोमट पाणी दे. ते कसं सांगून प्यायला लावायचं, ते तुझ्या नवऱ्यावर सोपव, वडील त्याचे आहेत. आणि दिवसात पाणी किती प्यावं हे मात्र त्यांच्या डॉक्टरांना या आठवड्यातच फोन करून विचार, कारण मुतखड्याला जास्त पाणी लागतं आणि दमलेल्या मूत्रपिंडाला कधी कधी मोजून. हा आकडा बाहेरच्या कुणी सांगायचा नसतो.

आजींची बरणी रिकामी झाली की तशीच परत करू नकोस. गोडा मसाला भरून दे. आणि झाकणावर चिठ्ठी चिकटव, जर्मनमध्ये : एका भांड्याला एकच चमचा.